गोळीचा व्यास आणि शिपायाचे ओझे

1895 साली चित्रळच्या किल्ल्याला पडलेला वेढा उठवण्यासाठी इंग्रज सरकारने वायव्य सरहद्दीवर जी फौज रवाना केली, तिच्यातील गोऱ्या पलटणींच्या हाती त्या काळची अगदी नवी ली-मेटफर्ड रायफल होती. तिच्या आधीच्या मार्टिनी-हेन्री बंदुकीची शिशाची गोळी सुमारे साडेअकरा मिलिमीटर व्यासाची, जड आणि संथ. नव्या रायफलीची गोळी अवघ्या 7.7 मिलिमीटरची, कठीण धातूचे आवरण ल्यालेली आणि वेगाने जवळजवळ दीडपट. गोळी दूर जात होती, सरळ जात होती आणि शिपायाला अधिक काडतुसे बरोबर नेता येत होती, म्हणून शस्त्रतज्ज्ञांच्या दृष्टीने ही निःसंशय प्रगती होती. परंतु मोहिमेवरून जी तक्रार येऊ लागली ती अशी की, अंगावर धावून येणारा पठाण ही बारीक गोळी लागूनही थांबत नाही. त्या तक्रारीपायी कलकत्त्याजवळच्या दमदम येथील सरकारी कारखान्यात मऊ टोकाची, शरीरात शिरताच पसरणारी गोळी तयार झाली, आणि तिच्या क्रौर्याचा सर्वत्र बोभाटा झाल्यावर 1899 च्या हेग परिषदेत तसल्या गोळ्यांना बंदी घालणारा जाहीरनामा निघाला.

या प्रकरणात ध्यानात ठेवण्याजोगी गोष्ट ही की, ज्या गोळीला तेव्हा बारीक आणि अपुरी म्हणून दूषण मिळाले, तिच्याच जवळपास व्यासाची गोळी आज मोठ्या कॅलिबरची म्हणून ओळखली जाते, आणि तेव्हाची तक्रार शब्दही न बदलता आता तिच्याहून बारीक गोळीच्या माथी मारली जाते. म्हणजे मोठे आणि लहान हे या व्यवहारात सापेक्ष शब्द आहेत. वृत्तपत्रांत अधूनमधून ‘7.62’ आणि ‘5.56’ असे जे आकडे झळकतात आणि ज्यांच्यावरून सेनाधिकाऱ्यांपासून संसदेपर्यंत इतकी वर्षे वाद चालला आहे, त्यांचा अर्थ समजून घ्यायचा तर हा वाद नळीच्या छिद्राचा नसून अंतराचा आणि ओझ्याचा आहे, हे प्रथम मनाशी पक्के केले पाहिजे. शिपायाने किती दूरच्या शत्रूवर नेम धरायचा आणि त्यासाठी स्वतःच्या अंगावर किती भार वाहायचा, या दोन प्रश्नांची उत्तरे ज्याने दिली त्याने गोळीच्या व्यासाचा निम्मा निर्णय केलाच.

येथे एक खुलासा आवश्यक आहे. चाप एकदा ओढला की एकच गोळी सुटते, रिकामी पुंगळी आपोआप बाहेर फेकली जाते आणि पुढचे काडतूस आपोआप नळीत चढते, अशा शस्त्राला अर्धस्वयंचलित किंवा स्वयंभरणी रायफल म्हणतात. चाप दाबून धरला असता गोळ्यांची सर सोडणारे शस्त्र ते पूर्ण स्वयंचलित. आजच्या बहुतेक लष्करी रायफलींत या दोन्ही सोयी असल्या, तरी शिकलेला शिपाई बहुधा एकेक गोळी नेम धरूनच झाडतो, आणि म्हणून कॅलिबरची चर्चा मुख्यत्वे त्या एकेका गोळीचीच चर्चा असते. आपल्या देशात लष्करी बोअरच्या अशा रायफली शस्त्रकायद्याच्या निषिद्ध वर्गात मोडत असल्यामुळे सामान्य नागरिकाने त्या विकत घेण्याचा प्रश्न सहसा उद्भवत नाही. ही निवड सरकार करते, तिचा खर्च जनतेच्या खजिन्यातून होतो आणि तिचे बरेवाईट फळ सरहद्दीवरचा जवान भोगतो. नागरिकाने या विषयात लक्ष घालावे याचे कारण हेच.

दोन काडतुसे शेजारी शेजारी टेबलावर उभी केली म्हणजे सारा वाद डोळ्यांना दिसू लागतो. 7.62×51 (पहिला आकडा गोळीच्या व्यासाचा, म्हणजे कॅलिबरचा, दुसरा पुंगळीच्या लांबीचा, दोन्ही मिलिमीटरांत) हे काडतूस टोकापासून बुडापर्यंत सुमारे 71 मिलिमीटर उंच, त्याची पितळी पुंगळी जाडजूड, आणि वजन सुमारे 24 ग्रॅम. 5.56×45 हे त्याच्या खांद्याला लागणारे, सुमारे 57 मिलिमीटरचे, सडपातळ. वजन सुमारे 12 ग्रॅम, म्हणजे बरोबर निम्मे. पहिल्याची गोळी साधारण साडेनऊ ग्रॅमची असते आणि नळीतून सेकंदाला सुमारे 840 मीटर वेगाने सुटते. दुसऱ्याची गोळी अवघी चार ग्रॅमची, परंतु तिचा वेग सेकंदाला 900 मीटरच्या वर जातो. वेगाने लहान गोळी पुढे असली तरी वजनातील तफावत मोठी असल्यामुळे ऊर्जेचा हिशेब मांडला असता पहिलीच्या पदरी सुमारे 3300 जूल आणि दुसरीच्या पदरी सुमारे 1700 जूल पडतात. शिवाय जड गोळी आपला वेग सावकाश गमावते आणि आडव्या वाऱ्याला कमी बधते, त्यामुळे जसजसे अंतर वाढते तसतसा दोघींतील फरक रुंदावत जातो. दोनशे मीटरवर जो फरक शिपायाला फारसा जाणवत नाही, तो पाचशे मीटरवर निर्णायक ठरतो.

आता हिशेबाची दुसरी बाजू. शंभर काडतुसे बरोबर घ्यायची तर मोठ्या कॅलिबरची अडीच किलोच्या घरात जातात आणि लहान कॅलिबरची सव्वा किलोच्या आत राहतात. अन्न, पाणी, पांघरूण, हातबॉम्ब, बिनतारी यंत्राच्या बॅटऱ्या आणि अंगावरचे चिलखत अशा सगळ्या लबेद्यासह पंधरा-सोळा हजार फुटांवर चढणाऱ्या माणसाला हा सव्वा किलोचा फरक कागदावर दिसतो त्याहून फार मोठा असतो. याखेरीज धक्क्याचा प्रश्न आहे. गोळी पुढे जाते तशी रायफल मागे येते, हा न्यूटनचा नियम कोणत्याही लष्करी हुकमाने रद्द होत नाही. आणि मोठ्या गोळीचा संवेग लहान गोळीच्या दुपटीहून अधिक असल्यामुळे तिच्या रायफलीचा दस्ता खांद्यावर तितक्याच जोराने आदळतो. चांदमारीच्या मैदानावर नवशिक्या रंगरुटाला पाहणाऱ्या कोणाही उस्तादाला हे ठाऊक असते की, पहिल्या दहा फैरींनंतर तो मुलगा गोळी सुटण्याच्या क्षणाआधीच डोळे मिटू लागतो, खांदा चोरू लागतो, आणि मग रायफल कितीही पल्लेदार असली तरी गोळी लक्ष्याच्या खाली किंवा बाजूला मातीत जाते. लहान कॅलिबरची रायफल या बाबतीत क्षमाशील आहे. तिची नळी कमी उसळते, दुसरा नेम लवकर लागतो, आणि बेताच्या अंगकाठीचा शिपाईही तिच्यावर थोड्या दिवसांत हुकमत मिळवतो.

ही दोन्ही पारडी समोर ठेवूनच गेल्या शतकातील इतिहास वाचला पाहिजे. पहिल्या महायुद्धापर्यंत सर्व राष्ट्रांच्या रायफली हजार यार्डांच्या कल्पनेने घडवलेल्या होत्या. प्रत्यक्षात शिपाई इतक्या दूरचा माणूस क्वचितच पाहू शकतो, हे खंदकांनी शिकवले. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी आपल्याच 7.92 मिलिमीटरच्या गोळीसाठी आखूड पुंगळी तयार करून मध्यम शक्तीचे काडतूस काढले, आणि रशियनांनी 7.62×39 हे काडतूस सिद्ध केले, ज्याच्यावर पुढे कलाश्निकोव्हची जगभर पसरलेली रायफल उभी राहिली. इंग्लंडमधील तज्ज्ञांनीही युद्धोत्तर काळात सात मिलिमीटरच्या मध्यम काडतुसाचा पुरस्कार केला. परंतु अमेरिकेला पूर्ण शक्तीचेच काडतूस हवे होते, आणि मित्रराष्ट्रांच्या ऐक्यासाठी इंग्लंडने आपला आग्रह सोडला. अशा रीतीने 1954 साली 7.62×51 हे नाटो राष्ट्रांचे प्रमाणभूत काडतूस झाले. विशेष हे की, त्याच सुमारास, 1952 साली, अमेरिकी लष्करासाठी नॉर्मन हिचमन यांनी केलेल्या अभ्यासाचा निष्कर्ष उलट दिशेने बोट दाखवत होता: रायफलीचा परिणामकारक उपयोग बहुतांशी तीनशे यार्डांच्या आतच होतो, असे त्यात दिसून आले. जे काडतूस अमेरिकेने मित्रांच्या गळी उतरवले, ते तिने स्वतःच दहा-बारा वर्षांत बाजूला सारले आणि व्हिएतनामच्या जंगलासाठी यूजीन स्टोनर यांच्या रचनेवर आधारलेली 5.56 मिलिमीटरची एम-16 रायफल उचलली.

त्या रायफलीने आरंभी जो दगा दिला त्याची कथा उद्‌बोधक आहे. ऐन चकमकीत ती अडकू लागली, शिपाई प्राणास मुकले, आणि लहान कॅलिबरचे शस्त्र म्हणजे खेळणे, असा ग्रह सर्वत्र झाला. पुढे अमेरिकी संसदेच्या समितीने 1967 साली चौकशी केली तेव्हा दोष वेगळाच निघाला: काडतुसातील दारूचा प्रकार मूळच्या चाचण्यांनंतर बदलण्यात आला होता, नळीच्या घराला क्रोमियमचा मुलामा दिलेला नव्हता, आणि शिपायांना सफाईचे साहित्य आणि शिक्षण पुरेसे मिळाले नव्हते. हे दोष दूर झाल्यावर तीच रायफल पुढे अनेक दशके टिकली. घडणीतला दोष आणि कॅलिबरचा दोष यांची सरमिसळ करू नये, हा या प्रकरणाचा धडा. आणि आपल्याकडे नेमकी तीच सरमिसळ झाली, असे माझे स्पष्ट मत आहे.

1962 साली चिनी फौजा हिमालय उतरून आल्या तेव्हा आपल्या बहुतांश पायदळाच्या हाती पॉइंट थ्री-नॉट-थ्री, म्हणजे प्रत्येक गोळीनंतर हाताने खटका मागेपुढे करावा लागणारी ली-एनफील्ड रायफल होती, आणि समोरच्याच्या हाती स्वयंभरणी रायफल. त्यानंतर बंगालमधील ईशापूरच्या रायफल कारखान्यात बेल्जियन रचनेवर बेतलेली 7.62×51 ची स्वयंभरणी रायफल, म्हणजे एस.एल.आर., मोठ्या प्रमाणावर तयार होऊ लागली, आणि 1971 च्या युद्धापर्यंत ती पायदळाचे मुख्य शस्त्र बनली. साडेचार किलोच्या आसपास वजनाची, लांबलचक, वीस गोळ्यांच्या मॅगझीनची ही रायफल पंजाबच्या सपाटीवर आणि डोंगरकड्यांवर विश्वासाची होती. जुने जवान आजही तिचे नाव आदराने घेतात. परंतु 1987 ते 1990 या काळात आपली शांतिसेना श्रीलंकेत होती, आणि तेथील दाट झाडीत, जेथे दृष्टीच पन्नास-शंभर पावलांवर अडते, तेथे तमिळ वाघांच्या आखूड, हलक्या हाताने चालणाऱ्या कलाश्निकोव्ह रायफलींपुढे हे लांब आणि जड शस्त्र अवघडून गेले. पल्ला होता, पण पल्ल्याला जागाच नव्हती.

त्याआधीच पुण्याच्या पाषाण भागातील शस्त्रास्त्र संशोधन आणि विकास संस्थेत, म्हणजे ए.आर.डी.ई.मध्ये, 5.56 मिलिमीटरची स्वदेशी ‘इन्सास’ रायफल आकार घेऊ लागली होती. 1998 च्या प्रजासत्ताकदिनाच्या संचलनात ती लोकांना दिसली आणि दुसऱ्याच वर्षी कारगिलच्या शिखरांवर तिची परीक्षा झाली. तिच्या काडतुसांसाठी जळगाव जिल्ह्यातील वरणगावचा कारखाना कामाला लागला, तरी आरंभीची गरज परदेशातून आणलेल्या मालावर भागवावी लागली होती. कारगिलच्या थंडीत तिची प्लास्टिकची मॅगझिने तडकली, तीन गोळ्यांची फैर झाडण्याच्या योजनेत बिघाड झाले, यंत्रणेतील तेल नेम धरणाऱ्याच्या तोंडावर उडाल्याच्या तक्रारी आल्या. यांतील एकाही दोषाचा गोळीच्या व्यासाशी काडीचा संबंध नाही. इतकेच नव्हे, तर लहान कॅलिबरचा जो मुख्य लाभ, हलकेपणा, तोही काडतुसांपुरताच पदरात पडला. रायफल स्वतः चार किलोच्या वरच राहिली. तरीही जनमानसात आणि बऱ्याच अंशी सेनेतही असे समीकरण दृढ झाले की, इन्सास वाईट, इन्सासची गोळी लहान, म्हणून लहान गोळी वाईट.

या लहान काडतुसाच्या समर्थनार्थ एक युक्तिवाद त्या काळी वारंवार केला जाई: शत्रूचा शिपाई ठार झाला तर एक माणूस कमी होतो, जायबंदी झाला तर त्याला उचलून नेण्यासाठी आणखी दोघे गुंततात, म्हणून जखमी करणारी गोळी अधिक फलदायी. हा युक्तिवाद दोन शिस्तबद्ध सेनांच्या लढाईत कदाचित खरा ठरेल. पण काश्मीरच्या एखाद्या घरात मरणाच्या तयारीने दबा धरून बसलेल्या अतिरेक्याला उचलून न्यायला कोणी येत नाही, आणि जखमी अवस्थेतही त्याचे बोट चापावर असते. म्हणून तेथे राष्ट्रीय रायफल्सच्या जवानांनी पूर्व युरोपातून आणलेल्या कलाश्निकोव्ह पसंत केल्या. त्यांचे 7.62×39 काडतूस मध्यम शक्तीचे, ऊर्जा सुमारे 2000 जूल. दोनशे-तीनशे मीटरच्या आत ते समर्थ आहे, त्यापलीकडे त्याची गोळी झपाट्याने खाली झुकते. गडचिरोलीच्या अरण्यात नक्षलवाद्यांशी लढणाऱ्या पोलिसांच्या सी-60 पथकांच्या हाती हेच शस्त्र दिसते, कारण त्या भूमीवरही शत्रू दिसतो तो जवळच.

केवळ ऊर्जेच्या आकड्यावर भिस्त ठेवणे किती फसवे आहे, याचा दाखला मुंबईने 26 नोव्हेंबर 2008 च्या रात्री पाहिला. छत्रपती शिवाजी टर्मिनसवर ज्या पोलिसांनी थ्री-नॉट-थ्री रायफली घेऊन अतिरेक्यांना तोंड दिले, त्यांच्या काडतुसाची शक्ती समोरच्या कलाश्निकोव्हच्या काडतुसाच्या जवळजवळ दीडपट होती. पण प्रत्येक गोळीनंतर खटका ओढणाऱ्या माणसापुढे तीस गोळ्यांचे स्वयंचलित शस्त्र उभे होते. त्या माणसांच्या धैर्यात तसूभरही उणेपणा नव्हता. ज्या अंतरासाठी ते शस्त्र बनले होते ते अंतर त्या फलाटावर नव्हते आणि ज्या वेगाने गोळी झाडावी लागणार होती तो वेग त्या शस्त्रात नव्हता.

पुढच्या काळात आपल्या धोरणाने अनेक वळणे घेतली. 2011 च्या सुमारास नळी बदलून 5.56 आणि 7.62×39 ही दोन्ही काडतुसे झाडू शकेल अशी एकच रायफल घेण्याची तजवीज झाली. परदेशी कंपन्यांच्या चाचण्या झाल्या, वर्षे गेली, आणि 2015 मध्ये ती निविदा रद्द झाली. त्यानंतर सेनेने पुन्हा पूर्ण शक्तीच्या 7.62×51 कडे मोहरा वळवला. फेब्रुवारी 2019 मध्ये अमेरिकेच्या सिग सॉअर कंपनीकडून 72,400 रायफली घेण्याचा करार झाला, ऑगस्ट 2024 मध्ये आणखी 73,000 रायफलींचा. दरम्यान उत्तर प्रदेशातील अमेठीजवळ कोरवा येथे 7.62×39 च्या सहा लाखांहून अधिक ए.के.-203 रायफली बनवण्याचा करार रशियाशी डिसेंबर 2021 मध्ये झाला. पाषाणच्या त्याच संस्थेने जानेवारी 2024 मध्ये 7.62×51 ची ‘उग्रम’ ही चार किलोंहून कमी वजनाची रायफल सादर केली. थोडक्यात, ताबारेषेवरच्या आणि उंच डोंगरांवरच्या तुकड्यांना पल्लेदार मोठी गोळी, आणि इतर बहुसंख्य पायदळाला मध्यम गोळी, अशी वाटणी आकार घेत आहे.

ही वाटणी मला तत्त्वतः योग्य वाटते, कारण लडाखमधील उघडी दरी आणि डोडा जिल्ह्यातील देवदारांचे जंगल यांना एकच गोळी पुरेल, हा आग्रहच मुळात भूमीकडे पाठ फिरवून धरलेला होता. अफगाणिस्तानात याच कारणाने अमेरिकी आणि ब्रिटिश सेनांना 5.56 च्या जोडीला 7.62 च्या रायफली पुन्हा बाहेर काढाव्या लागल्या. आणि शरीरकवच भेदण्याच्या चिंतेने अमेरिकेने 2022 साली 6.8 मिलिमीटरचे नवे, जबरदस्त दाबाचे काडतूस निवडले, ज्याचे वजन आणि धक्का यांवरून तेथे तोच जुना वाद नव्याने पेटला आहे. परंतु वाटणीची किंमतही ओळखली पाहिजे. दोन्ही काडतुसांच्या नावात 7.62 असले तरी एकाची पुंगळी 51 मिलिमीटरची आणि दुसऱ्याची 39 मिलिमीटरची, म्हणून एकाचे काडतूस दुसऱ्याच्या नळीत कदापि जात नाही. त्यात सेवेत उरलेल्या इन्सासची 5.56 मिळवली म्हणजे एकाच सेनेच्या रसदखात्याला तीन प्रकारचा दारूगोळा तीन वेगळ्या वाटांनी पुढच्या ठाण्यापर्यंत पोचवावा लागतो. बर्फाने वाट अडलेल्या चौकीवर चुकीच्या पेट्या पोचल्या, तर जगातील उत्तमोत्तम रायफलही सोट्याच्या योग्यतेची उरते.

गेल्या साठ वर्षांचा हा प्रवास एकत्र पाहिला असता एक खोड ठळकपणे दिसते: आपण प्रत्येक वेळी नुकत्याच झालेल्या लढाईला उत्तर म्हणून पुढची गोळी निवडली. 1962 ने एस.एल.आर. दिली, श्रीलंकेने तिच्यावरचा विश्वास ढळवला, कारगिल आणि काश्मीर यांनी इन्सासला नापास केले. अनुभवातून शिकणे हे शहाणपण खरे. पण अनुभवाचे पृथक्करण न करता नुसते उलट टोकाला जाणे हे शहाणपण नव्हे. मॅगझीन तडकले तर मॅगझीन बदलावे, त्यासाठी व्यास बदलण्याचे कारण नाही. नेम चुकतो तर चांदमारीसाठी अधिक काडतुसे मंजूर करावीत, कारण वर्षाकाठी मोजक्या फैरी झाडायला मिळणाऱ्या शिपायाच्या हाती कोणत्याही कॅलिबरची रायफल सारखीच हुकते.

म्हणून यापुढे नव्या रायफलीची बातमी वाचताना नागरिकाने आणि त्याच्या संसदेतील प्रतिनिधीने सरकारला काही सरळ प्रश्न विचारावेत. ही रायफल कोणत्या भूमीवर, किती अंतरावरच्या शत्रूसाठी आहे? भरलेल्या मॅगझिनांसह तिचे एकूण ओझे किती, आणि त्याच्या बदल्यात शिपायाच्या पाठीवरून काय उतरवले जाणार आहे? तिची काडतुसे देशात, हव्या त्या संख्येत आणि सारख्या दर्जाची तयार होतात काय? बर्फात, वाळूत आणि पावसात तिची परीक्षा ज्या जवानांनी घेतली, त्यांचा अभिप्राय निर्णयाच्या कागदपत्रांत नोंदला गेला आहे काय? व्यासाचा प्रश्न या चार प्रश्नांच्या नंतर येतो, आणि पुष्कळदा त्याचे उत्तर या चारांच्या उत्तरांतूनच आपोआप निघते. ज्याला ते शस्त्र खांद्यावर घेऊन मरणाच्या तोंडी उभे राहायचे आहे, त्याची साक्ष प्रथम आणि कारखानदार व दलाल यांची शिफारस शेवटी, हा क्रम आपण राखला तर मोठी की लहान या वादात राष्ट्राने आणखी साठ वर्षे घालवण्याचे कारण उरणार नाही.